तळेवाडीची एक गुहा आणि रॉटनचं वाघूळ: कागदावरचं संरक्षण गुहेपर्यंत पोचायला किती वर्षं लागतात

बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूर तालुक्यात, भीमगडच्या दाट जंगलात तळेवाडी नावाचं लहानसं गाव आहे आणि त्याच्या जवळ बारापेडे नावाच्या गुहा आहेत. प्राणिशास्त्राच्या नोंदींमध्ये एका वटवाघळाचा जगातला पत्ता जवळजवळ नव्वद वर्षं एवढाच होता. दुसरीकडे कुठे नाही, ह्याच गुहा. रॉटनचं फ्री टेल्ड बॅट, शास्त्रीय नाव ओटोमॉप्स रॉटनी. वाघ, हत्ती, माळढोक ह्यांच्यावर आपल्याकडे भरपूर लिहून येतं, पण आपल्याच सह्याद्रीतलं हे प्रकरण मराठीत फारसं कुणी सविस्तर मांडलेलं दिसत नाही, म्हणून जरा लांबण लावतो.

आधी प्राणी कसा आहे ते बघू. वाघळं म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर दोनच येतात, एक वडा-पिंपळावर उलटी लटकणारी मोठी फळं खाणारी, आणि दुसऱ्या म्हणजे घराच्या माळ्यावर, देवळाच्या गाभाऱ्यात राहणाऱ्या बारक्या पाकोळ्या. रॉटनचं वाघूळ किडे खाणाऱ्यांपैकीच, पण पाकोळ्यांपेक्षा बरंच मोठं आणि दिसायला एकदम वेगळं. कान प्रचंड, पुढे झुकलेले, नाकाडावर एकमेकांना जोडलेले, म्हणजे चेहऱ्यावर छपरी ओढल्यासारखं वाटतं. अंगाचा रंग गडद चॉकलेटी आणि मानेमागे फिकट पट्टा. शेपूट पायांमधल्या पडद्याच्या बाहेर मोकळी निघालेली असते आणि ह्या अख्ख्या कुळाला फ्री टेल्ड म्हणतात ते त्यामुळेच. पंख लांब आणि अरुंद. ह्या पंखांवर पुढचं बरंच काही अवलंबून आहे, कारण असे पंख असलेलं वाघूळ झाडांच्या फांद्यांमधून गिरक्या घेत उडत नाही, ते जंगलाच्या वर, मोकळ्या हवेत, उंचावरून आणि वेगात उडतं. आणि जमिनीवरून किंवा बसल्या जागेवरून सहज उड्डाण घेणं त्याला जमत नाही, उंचावरून खाली झेप टाकून मग हवा पकडायची अशी पद्धत. त्यामुळे कुठलंही भोक, कुठलीही कपार चालत नाही, छत उंच पाहिजे आणि तोंडाशी वाट मोकळी पाहिजे.

आता थोडा इतिहास. बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीने १९११ मध्ये सस्तन प्राण्यांचं मोठं सर्वेक्षण सुरू केलं, भारत, ब्रह्मदेश, श्रीलंका असा पसारा, बारा वर्षं चाललं. त्यामागचा एक मोठा माणूस म्हणजे रॉबर्ट चार्ल्स रॉटन, हे मुंबई इलाख्यात जंगल खात्यात अधिकारी होते आणि रिटायर झाल्यावर लंडनच्या म्युझियममध्ये बसून ह्याच सर्वेक्षणाचे नमुने तपासायचं, अहवाल लिहायचं काम करत होते. त्याच म्युझियममधल्या ओल्डफिल्ड थॉमस ह्यांनी १९१३ मध्ये बारापेड्याच्या वाघळाचं वर्णन सोसायटीच्या जर्नलमध्ये छापलं आणि नाव रॉटनसाहेबांचं दिलं. त्या लेखाच्या मथळ्यात ठिकाण म्हणून दक्षिण मुंबई येतं, ते वाचून कुलाबा-फोर्ट डोळ्यासमोर आणू नका, तेव्हा बेळगाव मुंबई इलाख्यात होतं आणि इलाख्याचा दक्षिण भाग असा तो अर्थ. १९५६ ला बेळगाव तेव्हाच्या म्हैसूर राज्यात गेलं ते सगळ्यांना माहीत आहेच, त्यावर इथे वाद नको.

१९१३ नंतर पुढची कितीतरी दशकं काय झालं, तर फारसं काही नाही. अधूनमधून कुणीतरी अभ्यासक तळेवाडीला जायचा, गुहेत वाघळं आहेत ना हे बघायचा, नोंद करायचा. वसाहत छोटीच. हजारोंच्या थव्याने बाहेर पडणाऱ्या वाघळांचे व्हिडिओ आपण बघतो तसला प्रकार इथे कधीच नव्हता.

१९७२ ला वन्यजीव संरक्षण कायदा आला. ह्या कायद्यात वाघळांची कशी विभागणी झाली ते बघण्यासारखं आहे. भारतात वटवाघळांच्या सव्वाशेच्या आसपास जाती आहेत. त्यातली फळं खाणारी सरसकट पाचव्या अनुसूचीत, म्हणजे उंदीर, घुशी, कावळे ह्यांच्या पंगतीत, वर्मिन म्हणजे उपद्रवी म्हणून टाकली, मारली तरी कुणी विचारणार नाही. किडे खाणारी बहुतेक कुठल्याच यादीत नव्हती, ना चांगल्या ना वाईट, जणू अस्तित्वातच नव्हती. आणि ह्या सगळ्यातून पुढे दोनच जाती पहिल्या अनुसूचीत गेल्या, वाघाच्या बरोबरीने. एक रॉटनचं वाघूळ, दुसरं तामिळनाडूच्या मेघमलाईतलं सालिम अली फ्रूट बॅट. त्या दुसऱ्याचीही गोष्ट गमतीची आहे, त्याचा नमुना १९४८ ला गोळा केला होता पण तो साध्या फ्रूट बॅटचं लेबल लावून सोसायटीच्या संग्रहात पडून राहिला, आणि १९७२ मध्ये किट्टी थाँगलाँग्या ह्या थाई शास्त्रज्ञाने तो बारकाईने बघितला तेव्हा ही वेगळीच जात आहे हे कळलं. ड्रॉवरमध्ये चोवीस वर्षं. असो, विषयांतर झालं.

तर पहिल्या अनुसूचीत नाव आलं म्हणजे सर्वोच्च संरक्षण मिळालं असं आपण म्हणतो. पण नीट बघा, ती अनुसूची मुळात कशापासून वाचवते? शिकारीपासून. मारणं, पकडणं, सापळा लावणं, हाकलणं वगैरे. बारापेड्याच्या वाघळाची शिकार करायला कोण येणार आहे? त्याच्या कातड्याला बाजार नाही, नखांना नाही, मांसासाठी मारावं एवढी संख्या नाही. त्याला धोका होता तो गुहेतल्या गडबडीचा. कुणी मशाल घेऊन आत गेलं, धूर केला, फटाका वाजवला, ग्रुप घेऊन जाऊन आरडाओरडा केला, आजूबाजूचा दगड काढायला सुरुंग लावले, गुहेचं तोंड बुजलं, वरचं जंगल तुटून आतला ओलावा आणि तापमान बदललं, ह्यातलं काहीही एकदा झालं तरी छोटी वसाहत उठून जाऊ शकते. आणि वाघळांचं पुनरुत्पादन उंदरांसारखं भराभर होत नाही, बहुतेक जातींत मादीला वर्षाला एकच पिल्लू. पिल्लं अंगाला चिकटलेली असताना घबराट झाली की ती खाली पडतात आणि खाली पडलेलं पिल्लू सहसा परत वर जात नाही. म्हणजे एका संध्याकाळच्या धुडगुसात अख्ख्या वर्षाची वाढ गेली. हे असं कुणी केलं तर त्याच्यावर शिकारीचा गुन्हा शाबित करून दाखवा बघू. कायदा प्राण्याच्या नावाला चिकटलेला आणि प्राण्याचं सगळं नशीब एका दगडी पोकळीला चिकटलेलं, ह्या दोन्हीची गाठच पडत नव्हती, आणि माझ्या मते ह्या प्रकरणाचा गाभा हाच आहे.

ही गाठ पडली २०११ च्या डिसेंबरमध्ये. त्या महिन्यात कर्नाटक सरकारने भीमगड अभयारण्य जाहीर केलं, साधारण १९० चौरस किलोमीटर. बेळगावच्या निसर्गप्रेमी मंडळींनी त्यासाठी वर्षानुवर्षं पाठपुरावा केला होता आणि त्यांच्या मागणीत हे वाघूळ पहिल्यापासून पुढे होतं. वाघ, बिबटे, अस्वलं, गवे ह्या जंगलात आहेतच, शेजारी गोव्याचं म्हादई अभयारण्य लागून आहे, म्हादईचा उगमही ह्याच पट्ट्यातला, किल्ल्याला शिवकाळाचा संदर्भ आहे, म्हणजे अभयारण्य व्हायला कारणं भरपूर होती. पण जगात दुसरीकडे कुठेही नाही असा दावा ज्याच्याबद्दल जवळजवळ नव्वद वर्षं होत आला असा प्राणी एकच होता. वर्णन १९१३, अभयारण्य २०११. अठ्ठ्याण्णव वर्षं.

अभयारण्य झाल्याने प्रत्यक्षात काय बदललं? अभयारण्यात कुणी शिरायचं ह्यावर कायद्याच्या २७ आणि २८ कलमांनी बंधन येतं, परवानगी लागते. २९ व्या कलमाने तिथला अधिवास नष्ट करणं, बदलणं, पाण्याचा प्रवाह वळवणं ह्यावर बंदी येते. खाणकामाचा प्रश्न जवळपास मिटतो. म्हणजे वाघळाच्या नावाने जे मिळालं नव्हतं ते जागेच्या नावाने मिळालं. भीमगडच्या आसपास म्हादई पाणीवाटप, कळसा-भांडुरा हा पाणी वळवायचा प्रकल्प ह्यावरून कर्नाटक आणि गोवा ह्या दोन राज्यांत किती ताणाताणी आहे ते रोज पेपरात येतं, त्या सगळ्यात हे २९ वं कलम किती महत्त्वाचं आहे हे वेगळं सांगायला नको.

पण मधल्या काळात आणखी एक गोष्ट घडली होती आणि तिने हे प्रकरण बरंच गुंतागुंतीचं केलं. २००० साली हेच वाघूळ कंबोडियात सापडलं, उत्तरेकडच्या प्रेआह विहेअर प्रांतात, एकच नर. नंतर मेघालयातून नोंद आली आणि पुढे जैंतिया हिल्समधल्या गुहांमध्ये पिल्लांसकट वसाहती सापडल्या. तेव्हाचा नकाशा डोळ्यासमोर आणा. खानापूर, मग एकदम मेघालय, मग एकदम कंबोडिया. मधे हजारो किलोमीटर कोरे. आंतरराष्ट्रीय रेड लिस्टमध्ये, म्हणजे कुठल्या जातीला किती धोका आहे हे सांगणाऱ्या यादीत, ही जात आधी अतिसंकटग्रस्त होती, २००८ मध्ये ती डेटा डेफिशियंट म्हणजे अपुरी माहिती ह्या गटात टाकली. बऱ्याच जणांना ही बढती वाटते, चला, आता धोका कमी झाला. तसा अर्थ अजिबात नाही. अपुरी माहिती म्हणजे धोका किती आहे ते ठरवण्याइतका डेटा हातात नाही, एवढंच. पण सरकारी कागदावर आणि निधी देणाऱ्यांच्या टेबलावर अतिसंकटग्रस्त ह्या शब्दाला जो भाव आहे तो अपुऱ्या माहितीला नाही, आणि गंमत बघा, माहिती गोळा करायला पैसा लागतो आणि माहिती नाही म्हणून पैसा मिळत नाही. मेघालयातल्या वसाहतींचंही काही सुखात चाललंय असं नाही, जैंतिया हिल्स म्हणजे कोळसा आणि चुनखडीच्या खाणींचा प्रदेश, तिथल्या गुहांवर तो दबाव कायम आहे.

बरं, मधल्या पट्ट्यात ही वाघळं खरंच नाहीत का? मला तरी हे पटत नाही. वाघळांचा अभ्यास करताना सगळीकडे वापरतात ती पद्धत म्हणजे बारीक जाळी लावणं, झाडांमध्ये, ओढ्यावर, जमिनीपासून काही मीटर उंचीपर्यंत. रॉटनचं वाघूळ उडतं त्याच्या कितीतरी वर. ते जाळ्यात सापडणार कसं? सापडलंच तर गुहेच्या तोंडाशी, आणि सह्याद्रीत गुहा, कपारी, उंच कडे, विवरं किती आहेत ह्याची मोजदाद करायची तर आयुष्य जाईल. आपल्याकडच्या कोरीव लेण्यांत वाघळं भरपूर, पण तिथे जी असतात ती बहुतेक दुसऱ्या जातींची, ज्यांना खालचं छत आणि माणसांची वर्दळ चालते. उंच कड्यातल्या नैसर्गिक पोकळ्या तपासल्याच जात नाहीत, कारण तिथे दोर लावून उतरावं लागतं. म्हणजे एकाच गुहेत सापडणारं वाघूळ ह्या वाक्यातला अर्धा भाग वाघळाबद्दल आहे आणि अर्धा आपण कुठे बघितलं त्याबद्दल.

ह्याचा अर्थ बारापेड्याचं महत्त्व कमी झालं असा काढू नका. उलट. पश्चिम घाटातली माहीत असलेली वसाहत ही एवढीच आहे आणि ती गेली तर मेघालयातली वाघळं उडत येऊन ती जागा भरतील असं काही होणार नाही. कोलारचं उदाहरण डोळ्यासमोर ठेवा. कोलार लीफ नोज्ड बॅट १९९४ मध्ये नवीन जात म्हणून नोंदवलं गेलं, ते तेरहळ्ळी आणि हनुमनहळ्ळी ह्या कोलार जिल्ह्यातल्या दोन ठिकाणी माहीत होतं. तेरहळ्ळीतून ते नाहीसं झालं. उरली हनुमनहळ्ळीची एक गुहा, तीही ग्रॅनाइटच्या खाणकामाने घेरलेली, मग धावपळ झाली, खाणकाम थांबवलं, जागा राखीव केली. दोनाची एक व्हायला फार काळ लागत नाही. एकाचा शून्य व्हायलाही.

आता गुहा अभयारण्यात आली म्हणजे झालं का. माझ्या डोक्यात सगळ्यात मोठी काळजी आहे ती प्रसिद्धीची. दुर्मिळ वाघळाची गुहा म्हटलं की फोटोग्राफर येणार, रीलवाले येणार, ट्रेकिंग ग्रुप भीमगड प्लस बारापेडे असं पॅकेज काढणार. हेडलॅम्पचा पांढरा झोत, फ्लॅश, बोलण्याचा आवाज, ह्या सगळ्याने दिवसा विश्रांती घेणारं वाघूळ जागं होतं, अंगातली साठवलेली ऊर्जा फुकट जाते, आणि वारंवार झालं तर जागा सोडतं. मग काहीजण म्हणतात, गेट बसवा. हा सल्ला ऐकायला फार सोपा वाटतो पण इथे तो घातक ठरू शकतो. आडव्या गजांचं गेट काही जातींना चालतं, ज्या हळू उडतात, वळू शकतात. फ्री टेल्ड कुळाला गेट सहन होत नाही, ती वेगाने, सरळ, झेप घेत बाहेर पडतात, तोंडाशी लोखंड उभं केलं की ती आपटतात किंवा गुहाच सोडून देतात, अमेरिकेतल्या फ्री टेल्ड वाघळांच्या गुहांवर हा अनुभव येऊन गेलाय. त्यापेक्षा पायवाट गुहेच्या बरीच आधी थांबवणं, जंगलरक्षकाची फेरी, आणि गुहेचं नेमकं लोकेशन नकाशाच्या ॲपवर फिरू न देणं, हे कंटाळवाणे उपायच जास्त कामाचे. मोजणी करायची तरी आत जायची गरज नाही, संध्याकाळी तोंडासमोर दूर इन्फ्रारेड कॅमेरा ठेवला की बाहेर पडणारी मोजता येतात.

दुसरी गोष्ट गुहेच्या बाहेरची. हे वाघूळ रात्री मोकळ्या हवेत लांबवर जातं, अभयारण्याची हद्द त्याला कुणी दाखवलेली नाही. त्याच्या कुळातली वाघळं रात्रीत गुहेपासून पार लांब जाऊन पतंग, भुंगे, पिकांवरचे किडे खातात. म्हणजे त्याचं जेवण खानापूरच्या भातशेतीवर, ऊसावर, डोंगराच्या माथ्यावरच्या हवेत आहे, आणि तिथे फवारणी किती होते, माथ्यावर काय उभं राहतं ह्याचा त्याच्याशी थेट संबंध येतो. पवनचक्क्यांच्या पात्यांनी मरणाऱ्या वाघळांमध्ये उंच आणि मोकळ्यात उडणाऱ्या जातींचं प्रमाण जास्त असतं हे ठिकठिकाणच्या अभ्यासांतून दिसलंय. भीमगडच्या आसपासच्या माथ्यांवर असा प्रकल्प येणार असेल तर त्याच्या पर्यावरण अहवालात ह्या वाघळाचं नाव असायलाच हवं. अहवालात बऱ्याचदा पक्ष्यांची यादी लांबलचक असते आणि वाघळं एका ओळीत आटोपलेली.

लोकांच्या भीतीचंही बोलायला हवं. २०१८ ला केरळात निपाह आला, २०२० ला कोरोना, आणि दोन्ही वेळा गावोगावी वाघळांची झाडं तोडा, हाकला, जाळा असं सुरू झालं. निपाहचा संबंध फळं खाणाऱ्या मोठ्या वाघळांशी आहे, किडे खाणाऱ्या ह्या गुहेतल्या मंडळींचा त्यात काही हात नाही, पण घाबरलेला माणूस जात विचारत बसत नाही. आणि हाकलल्याने धोका वाढतोच, ताणाखाली असलेली वाघळं जास्त विषाणू बाहेर टाकतात असं दिसून आलंय. एक बरं झालं, कायद्यात २०२२ च्या दुरुस्तीने ती वर्मिनची अनुसूचीच काढून टाकली, दुरुस्ती १ एप्रिल २०२३ पासून लागू आहे. पन्नास वर्षं सरकारनेच ज्याला उपद्रवी म्हटलं त्याच्याबद्दल लोकांचं मत एका दुरुस्तीने बदलणार नाही, पण निदान कागद तरी विरोधात नाही.

शेवटचा मुद्दा तळेवाडीचा, आणि हा सगळ्यात नाजूक. अभयारण्याच्या आत जी गावं आहेत त्यांना रस्ता नाही, दवाखाना लांब, पावसाळ्यात ओढे भरले की बाहेर पडणं मुश्कील, आजारी माणसाला खांद्यावर उचलून आणावं लागतं. तळेवाडीतल्या २७ कुटुंबांनी स्वेच्छेने बाहेर यायचं मान्य केलं, कुटुंबामागे १५ लाख रुपये ठरले आणि २०२५ मध्ये पहिल्या हप्त्याचे चेक दिले गेले. त्यांना जायचं असेल तर त्यांना अडवणारे आपण कोण, शहरात बसून जंगलातल्या माणसाने जंगलातच राहावं असं म्हणणं फार सोपं असतं. पण गुहेच्या बाजूने एक प्रश्न उरतोच. जवळजवळ शंभर वर्षं जी वसाहत टिकली ती ह्या गावाच्या शेजारात टिकली, कुठलंही अभयारण्य नसताना, कुठलाही गार्ड नसताना. गुहेकडे कोण अनोळखी माणूस गेला, कुठून धूर निघतोय, हे गावाला पहिलं कळायचं. गाव उठल्यावर हे कळणार कुणाला? जी माणसं बाहेर पडताहेत त्यांच्यातल्याच काहींना वॉचर म्हणून, पगारावर, कायमस्वरूपी घेणं हा माझ्या दृष्टीने पहिला उपाय आहे, रोजंदारीवर नव्हे, कारण रोजंदारीचं बिल अडकलं की माणूस दुसरीकडे कामाला जातो आणि त्याला दोष देता येत नाही.

त्याच वॉचरच्या हातात एक छोटा ध्वनिरेकॉर्डर द्यावा असंही वाटतं. ओटोमॉप्स गटातल्या वाघळांची हाक बाकीच्यांपेक्षा खालच्या फ्रिक्वेन्सीची असते, इतकी खालची की तरुण कानांना ती कधीकधी टिकटिक अशी ऐकूही येते, आणि अशी हाक हवेत लांबवर जाते. म्हणजे जाळ्यात न सापडणारं वाघूळ आवाजावरून सापडू शकतं. आधी बारापेड्याच्या तोंडाशी तिची खात्रीची रेकॉर्डिंग करायची आणि मग तसेच रेकॉर्डर चोर्ला, आंबोली, तिलारी, राधानगरी असे कड्यांच्या माथ्यावर रात्रभर लावून ठेवायचे, फार खर्चाचं काम नाही हे, मोबाइलपेक्षा स्वस्त रेकॉर्डर मिळतात. कर्नाटकाने गुहा राखली, तिच्या उत्तरेचे कडे महाराष्ट्राच्या हद्दीत येतात आणि तिथे ऐकायचं काम आपल्या वनखात्याने आणि कॉलेजांच्या प्राणिशास्त्र विभागांनी करायचं आहे.